कलमातलं क्रियापद

या महिन्यात आलेल्या पत्रांत दोन तक्रारी पुन्हा पुन्हा आल्या. एक, ‘काही गेलंच नाही, तर गुन्हा कसला?’ दुसरी अगदी उलट, ‘त्याच्या मनात पाप होतं, मग गुन्हा कसा नाही?’ मी पंचवीस वर्षं सरकारी वकील म्हणून खान्देशातल्या तालुका कोर्टांत उभी राहिले. पहिल्याच आठवड्यात आमच्या ज्येष्ठ वकिलांनी सांगितलं होतं, ‘बाई, कलम वाचताना आधी क्रियापद शोध. बाकी सगळं नंतर.’ आजची बहुतेक उत्तरं त्या एका सल्ल्यावर निभावतील. पत्रं थोडक्यात देते. नावं गाळली आहेत.

ताई, रावेर तालुक्यात माझी केळीची कांदेबाग आहे. अमावास्येच्या रात्री दोघांनी सहा घड कापले. कुत्रं भुंकलं म्हणून मी बॅटरी घेऊन धावलो. एक सापडला, एक पळाला. घड बांधावरच पडून राहिले. ठाण्यात म्हणाले, ‘माल तुमच्याच शेतात आहे, चोरी झाली कुठे? फार तर प्रयत्न.’ भाव क्विंटलला १,४०० चालू आहे. काय करू?

भाऊ, चोरी झाली आणि पूर्ण झाली. भारतीय न्याय संहितेचं कलम ३०३ (जुन्या दंड संहितेतलं ३७८) साध्या भाषेत असं आहे: दुसऱ्याच्या ताब्यातली जंगम वस्तू, त्याच्या संमतीशिवाय, लबाडीनं घ्यायच्या इराद्यानं जो हलवतो, तो चोरी करतो. क्रियापद ‘हलवतो’ आहे. ‘नेतो’ नाही, ‘पळवतो’ नाही, ‘विकतो’ तर नाहीच. माल शेताबाहेर गेला पाहिजे असं कलमात कुठंही लिहिलेलं नाही.

आता गंमत बघा. उभ्या केळीवरचा घड जमिनीला जोडलेला, म्हणून तो जंगम नाही आणि त्याची चोरीही होऊ शकत नाही. कोयता दांड्यातून आरपार गेला की घड सुटतो आणि जंगम होतो. त्याला सोडवणारा घावच त्याला हलवणारा. म्हणजे माल चोरण्याजोगा होणं आणि चोरी होणं एकाच घावात. कायद्यानं याला झाडाचं उदाहरण दिलंय: लबाडीनं नेण्यासाठी दुसऱ्याच्या जमिनीवरचं झाड तोडलं, तर ते बुंध्यापासून सुटताक्षणी चोरी झाली. तिथंच बैलाचंही एक आहे. पाठीवर खजिन्याची पेटी असलेला बैल दिसला, तो लबाडीनं आपल्या वाटेला हाकला, की बैलानं पहिलं पाऊल टाकताच खजिन्याची चोरी. हे कायदे मुळात इंग्रजांनी १८६० साली केले, पण बैलाचं उदाहरण आपल्या माणसाला पटकन कळतं.

तुमच्या शेतात कोयता दांड्यावर ठेवलेला असताना तो सापडला असता, तर तो प्रयत्न. नुसता कोयता-गोणी घेऊन बांधावर बसलेला सापडला असता, तर चोरीची तयारी, आणि चोरीच्या तयारीला शिक्षा नाही. मात्र गुन्हा करायच्या इराद्यानं दुसऱ्याच्या रानात पाय टाकला, की अतिक्रमणाचा गुन्हा तिथंच पुरा होतो. त्याचं क्रियापद ‘शिरतो’.

ही शेवटची गोष्ट तुमच्या कामाची आहे. सहा घड, प्रत्येकी वीस किलो धरले तर १२० किलो, तुमच्या भावानं १,६८० रुपये. नव्या कायद्यात ५,००० रुपयांच्या आतली चोरी अदखलपात्र झाली आहे. म्हणजे एन. सी.ची (अदखलपात्र नोंदीची) पावती हातात पडते आणि मॅजिस्ट्रेटच्या हुकमाशिवाय पोलीस तपास करू शकत नाहीत. पण कलम ३२९ चं अतिक्रमण दखलपात्र आहे, आणि नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १७४ सांगतं की अनेक गुन्ह्यांत एक जरी दखलपात्र असला तरी सगळं प्रकरण दखलपात्र धरायचं. तेव्हा फिर्यादीत ‘घड कापले’ एवढंच लिहू नका. ‘रात्री माझ्या शेतात चोरीच्या इराद्यानं शिरले आणि घड कापले’ असं लिहा. कापलेल्या दांड्यांचा पंचनामा करून घ्या. दांडा वाळला की ताजा घाव दाखवता येत नाही.

पकडलेल्याला पहिल्यांदाच शिक्षा होत असेल आणि त्यानं माल किंवा किंमत परत केली, तर त्याला सामुदायिक सेवेवर सुटता येईल. तुम्हाला राग येईल. मला तेवढा येत नाही. सहा घडांपायी तुरुंगात गेलेली पोरं बाहेर येताना काय शिकून येतात ते मी पाहिलंय. पाच हजारांची रेघ मात्र मला खटकते. शेतकऱ्याचं नुकसान तराजूवर भरलेल्या किलोंइतकंच नसतं, अर्धवट भरलेला घड कापला गेला की वर्षाची मेहनत गेली.

ताई, अमळनेरच्या एस. टी. स्टँडवर गर्दीत एका बाईनं माझ्या पर्समध्ये हात घातला. मी मनगट धरलं. पर्समध्ये फक्त हातरुमाल आणि कुंकवाची डबी होती, पैसे ब्लाउजमध्ये. लोक म्हणाले, ‘काही गेलं नाही ना, सोडा बिचारीला.’ मी सोडलं. चुकलं का?

सोडलंत ते तुमच्या मनाचं. कायद्यानं ती दोषी होती. कलम ६२ (जुनं ५११) प्रयत्नाचं आहे, आणि त्याखाली दोनच उदाहरणं दिली आहेत. दागिने चोरायला पेटी फोडली, पेटीत दागिना नाही. खिसा मारायला खिशात हात घातला, खिसा रिकामा. दोन्हीकडे दोषी.

तुमचं पत्र वाचून मला जुना खटला आठवला, तोही अमळनेरचाच. वैशाखात बोरी नदीच्या पात्रात सखाराम महाराजांची यात्रा भरते. तिथं एका म्हाताऱ्या बाबांच्या बंडीच्या खिशात एक पोरगा हात घालताना पकडला गेला. बाबांनी पैसे धोतराच्या सोग्याला गाठ मारून ठेवलेले. खिशात काडीसुद्धा नव्हती. कोर्टात साहेबांनी विचारलं, तर पोरगा म्हणतो, ‘साहेब, मन्हा हातमा काहीच नही व्हतं.’ त्याचं खरं होतं. त्याच्या वकिलानं तोच धागा धरला: जिथं चोरायला वस्तूच नाही तिथं चोरी कसली, आणि जी चोरी होऊच शकत नव्हती तिचा प्रयत्न कसला? युक्तिवाद ऐकायला छान. मी काही बोलले नाही. पुस्तक उघडून रिकाम्या खिशाचं उदाहरण साहेबांपुढं ठेवलं. साहेब वाचून हसले, मग वकीलही हसले. पोरगा आमच्याकडं बघत राहिला. त्याला वाटलं, सुटलो.

प्रयत्नाला त्या गुन्ह्याच्या कमाल कैदेच्या निम्म्यापर्यंत शिक्षा देता येते, किंवा दंड, किंवा दोन्ही. चोरीला तीन वर्षांपर्यंत, म्हणून प्रयत्नाला दीड. त्या पोरानं दोन महिने आत काढले होते, तेवढीच शिक्षा धरून साहेबांनी त्याला सोडलं. बाबा पायऱ्यांवर बसून होते. त्यांनी सोग्याची गाठ सोडली आणि त्या पोराला एस. टी.चं भाडं दिलं. मी सरकारपक्षाची, मी काय बोलणार!

मॅडम, मी शिरपूरला फौजदारकीच्या परीक्षेची तयारी करतो. तयारी कुठं संपते आणि प्रयत्न कुठं सुरू होतो? क्लासच्या नोट्स वाचून डोकं गरगरतं.

नोट्स बाजूला ठेव बाळा, आणि मध्य प्रदेशच्या हद्दीजवळ, पळासनेरला हायवेवर उभा राहून विचार कर. समज, एखादा माल परवान्याशिवाय राज्याबाहेर न्यायला बंदी आहे आणि तो भरलेला ट्रक शिरपुरातच अडवला. प्रयत्न झाला का?

असाच खटला पंजाबचा आहे, मलकियत सिंग, सुप्रीम कोर्ट, १९६८. भातावर निर्यातबंदी होती. भाताची पोती घेऊन दिल्लीकडं निघालेला ट्रक समालखाच्या नाक्यावर, दिल्लीच्या हद्दीच्या बराच अलीकडं अडवला. कोर्ट म्हणालं, ही तयारी. नाका ते हद्द या वाटेत त्यांना कुणी सावध केलं असतं, त्यांचं मन बदललं असतं, ते माघारी फिरले असते. सगळे निर्दोष.

याच्याशेजारी आपल्या महाराष्ट्राचा खटला ठेव, मोहम्मद याकूब, १९८०. रात्रीची वेळ, वसईजवळची कामण खाडी. जीप आणि ट्रक पुलाजवळ थांबले. माल उतरवून बाजूला ठेवायला लागले. कस्टमवाले धावले, चांदी सापडली, आणि त्याच वेळी खाडीतून यांत्रिक होडीच्या इंजिनाचा आवाज आला. सेशन कोर्टानं आणि हायकोर्टानं हे सगळं तयारीत टाकून आरोपींना सोडलं. सुप्रीम कोर्टानं फिरवलं: चांदी होडीत चढली नव्हती तरी प्रयत्न झाला होता.

दोन्हीकडं ट्रक, दोन्हीकडं माल, दोन्हीकडं हद्द ओलांडलेली नाही. फरक त्या इंजिनाच्या आवाजाचा. काठावर उतरवलेली चांदी आणि समोर येणारी होडी बघून ‘हे कदाचित घरी परत गेले असते’ असं कुणी म्हणणार नाही. परीक्षेत मैल मोजत बसू नकोस. कृतीतून इरादा स्वच्छ दिसतो का आणि ती गुन्ह्याला भिडलेली आहे का, एवढं लिही. अभयानंद मिश्रा (१९६१) चा खटलाही जोड: पदवी नसताना खोट्या कागदांवर एम. ए.च्या परीक्षेचा अर्ज केला. अर्ज तयार झाला तोवर तयारी. विद्यापीठाकडं रवाना केला, तिथून फसवणुकीचा प्रयत्न.

अपवाद विसरू नकोस, तिथं हमखास मार्क जातात. दरोड्याची नुसती तयारीही गुन्हा आहे, दहा वर्षांपर्यंत सक्तमजुरी. तिखटाची पूड, दोर, कटावणी घेऊन रात्री हायवेलगत पाच जण दबा धरून पकडले की वर्तमानपत्रात ‘दरोड्याच्या तयारीतील टोळी’ अशी बातमी येते, ती याच कलमाखालची. आणि दरोड्याच्या व्याख्येतच प्रयत्न धरलेला आहे. पाच जणांनी मिळून जबरी चोरीचा प्रयत्न केला, हाती छदाम लागला नाही, तरी तो दरोड्याचा प्रयत्न म्हणायचा नाही. तो दरोडाच.

ताई, अक्कलकुव्याकडून लिहितोय. माझा भाऊ चार महिने आजारी आहे. शेजारची म्हातारी आमच्या उंबऱ्यावर लिंबू-बिब्बा टाकताना माझ्या आईनं पाहिली. तिनं करणी करून भावाला मारायचा प्रयत्न केला. खुनाच्या प्रयत्नाचा गुन्हा लागेल का?

नाही लागणार. तुम्ही म्हणाल, रिकाम्या खिशात हात घालणारा दोषी, मग ही का नाही? खिसा त्या दिवशी रिकामा होता हा योगायोग; रोज खिशातून पैसे जातातच. लिंबानं माणूस कोणत्याच दिवशी मरत नाही. खुनाच्या प्रयत्नात कृती अशी लागते, की तिच्यातून मरण आलं असतं तर तो खून ठरला असता. लिंबू टाकण्यातून मरण येण्याचा रस्ताच नाही.

आता जरा कडक बोलते. ‘करणी करते’, ‘डाकीण आहे’ असं त्या बाईचं नाव गावात घेऊ नका. आईलाही सांगा. २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्यात असं पसरवणं आणि त्यावरून कुणाला छळणं हाच गुन्हा आहे, सहा महिने ते सात वर्षं कैद आणि पाच ते पन्नास हजार दंड. सातपुड्याच्या पट्ट्यात असल्या एका शब्दावरून म्हाताऱ्या बायांना मार खाताना आणि गाव सोडताना मी पाहिलंय, आणि तशा एका खटल्यात मारणारा फिर्यादीचा सख्खा पुतण्या होता. भावाला नंदुरबारच्या जिल्हा रुग्णालयात दाखवा. चार महिने फार झाले.

ताई, बांधाच्या भांडणात चुलतभावानं फोनवर ‘तुला जित्ता सोडणार नही’ असा व्हॉइस मेसेज टाकला. तीनशे सात लागेल ना? (पारोळा)

तीनशे सात, म्हणजे खुनाच्या प्रयत्नाचं जुनं कलम, आता उरलं नाही. १ जुलै २०२४ पासून ते कलम १०९ आहे, त्याआधीच्या घटनेला जुनंच लागतं. पण तुमच्या मेसेजला दोन्ही लागत नाहीत. कायद्यातलंच उदाहरण आहे: मारायच्या इराद्यानं बंदूक विकत घेतली, भरली, तरी गुन्हा अजून झाला नाही. झाडली, की झाला. मग लागली नाही तरी चालेल. चुलतभावानं तर बंदूकही घेतलेली नाही. हा धमकीचा गुन्हा, कलम ३५१. मेसेज डिलीट करू नका, फोनही बदलू नका, आणि तलाठ्याकडून बांधाची मोजणी मिळेल या भ्रमात राहू नका. ती भूमी अभिलेख कार्यालयात अर्ज करून, फी भरून होते.