वाचकांचे प्रश्न : पश्चिमेच्या वाटेवरची श्रद्धा आणि सोडवणूक

प्रश्न : अमेरिकन फ्रंटिअर (पश्चिमेकडे सरकत गेलेल्या नव्या वस्त्यांच्या) कादंबऱ्यांवर लिहिताना 'रिडेम्प्शन'ला मराठीत काय म्हणावं? मोक्ष चालेल का?

उत्तर : 'मोक्ष' नको. मोक्षात माणूस जन्ममरणाच्या फेऱ्यातून सुटतो. या कादंबऱ्यांत तो त्याच वस्तीत, त्याच माणसांत परत येतो. मूळ कल्पना बाजारातली आहे : गहाण पडलेली वस्तू किंवा गुलाम माणूस किंमत मोजून सोडवून आणणं. म्हणून आम्हाला 'सोडवणूक' हा साधा शब्द सगळ्यात जवळचा वाटतो. फ्रान्सिन रिव्हर्स यांच्या 'रिडीमिंग लव्ह'मध्ये बायबलातल्या होशेयाची कथा १८५०च्या सुमाराच्या कॅलिफोर्नियात, सोन्याच्या शोधात लोटलेल्या गर्दीत आणली आहे. बायबलातला होशेय बायकोला चांदी आणि सातू मोजून विकत परत घेतो. तेव्हा या प्रकारची कुठलीही कादंबरी हातात घेतली की आधी पाहा : किंमत कोणी मोजली, आणि कशाच्या रूपात? चार्ल्स पोर्टिसच्या 'ट्रू ग्रिट'मध्ये (१९६८) चौदा वर्षांची मॅटी वडिलांच्या खुन्याचा माग काढते. खुनी मरतो, पण मॅटीचा हात जातो. देवावर तिची श्रद्धा पक्की आहे, तरी हिशेब काही चुकत नाही.

प्रश्न : पश्चिम किनाऱ्यावरच्या ओरेगनला निघालेल्या बैलगाड्यांच्या ताफ्यावर दीर्घकथा लिहितो आहे. श्रद्धा दाखवायला गेलं की प्रवचन होतं. काय करू?

उत्तर : श्रद्धेला दिवसांचा आणि पिठाचा हिशेब लावा. मिसूरीतल्या इंडिपेन्डन्स गावाहून ओरेगनमधलं विलामेट खोरं साधारण २,००० मैल. बैलगाडीने दिवसाला १५ मैल धरले तर १३३ दिवस होतात. १ मेला निघालेला ताफा ११ सप्टेंबरला पोचतो. आता एका कुटुंबाने धरून बसावं की रविवारी जू ठेवायचं नाही. झाले २२ दिवस जास्त. ३ ऑक्टोबर उजाडला. उशिराची भीती पोकळ नव्हती. कॅलिफोर्नियाला निघालेला डॉनर ताफा १८४६ मध्ये सिएरा नेवाडा डोंगरांच्या बर्फात अडकला आणि त्यातली जवळपास निम्मी माणसं गेली.

शिवाय पोटाचा प्रश्न आहेच. अमेरिकी सैन्यातल्या कॅप्टन मार्सीच्या १८५९च्या प्रवासपुस्तिकेत माणशी ११० दिवसांना १५० पौंड पीठ, २५ पौंड खारवलेलं डुकराचं मांस, १५ पौंड कॉफी आणि २५ पौंड साखर असं प्रमाण दिलं आहे. म्हणजे २२ रविवारांना माणशी ३० पौंड पीठ आणखी हवं, आणि गाडीत भार वाढला की ओढणारे बैलच. पण दुसरी बाजूही खरी आहे : रोज जुंपलेल्या बैलांचे खांदे सोलवटतात, पाय जातात, आणि बैल बसला की ताफा रविवार नसतानाही थांबतो. दोघंही बरोबर असलेलं भांडण मिळालं की प्रवचनाची गरज उरत नाही. शनिवारी रात्री एक बाई पिठाच्या पोत्यात कोपरापर्यंत हात घालते, बोटांना तळाचं कापड लागतं, आणि तरी ती नवऱ्याला सांगते, उद्या थांबायचं. एवढंच लिहा.

वाटेवर माणसं मारायची असतील तर कॉलऱ्याने मारा. सकाळी धडधाकट असलेला माणूस संध्याकाळी पुरला जाई. बाणांपेक्षा कितीतरी जास्त बळी त्याने घेतले.

प्रश्न : वस्तीत पाद्री कायम असे का?

उत्तर : सुरुवातीच्या वर्षांत बहुधा नाही. मेथडिस्ट या प्रोटेस्टंट पंथाचे फिरते पाद्री घोड्यावरून ठरलेला फेरा घालत. एका फेऱ्याला चार-सहा आठवडे सहज लागत. खोगिराच्या पिशवीत बायबल, स्तोत्रांचं पुस्तक आणि पंथाच्या नियमांची पोथी. त्यामुळे प्रेत आधी पुरलं जाई आणि अंत्यप्रवचन पुढच्या फेरीत होई, लग्नंही खोळंबत. पहिल्याच प्रकरणात मनोऱ्याचं चर्च उभं केलंत तर हा सगळा ताण हातचा जातो.

प्रश्न : माझ्या कथेतला खलनायक शेवटी सुधारतो, पण वाचणाऱ्यांना ते पटत नाही.

उत्तर : बहुतेक वेळा तो प्रार्थनासभेत रडतो किंवा नायकासाठी गोळी झेलून मरतो. मेलेल्याला उद्या त्याच वस्तीत तोंड दाखवायचं नसतं, म्हणून ती सोडवणूक स्वस्त पडते. त्याला जिवंत ठेवा आणि नुकसान नेमकं करा.

उदाहरणार्थ, १८६२च्या होमस्टेड कायद्याने दावा लावणाऱ्याला १६० एकर सरकारी जमीन मिळे, पण पाच वर्षं राहून, जमीन कसून, शेवटी दोन साक्षीदार उभे करावे लागत. तुमच्या माणसाने विधवेच्या दाव्याविरुद्ध खोटी साक्ष दिली असं धरा, आणि त्या बदल्यात त्याच्या स्वतःच्या खोट्या दाव्याला दुसऱ्याने साक्ष दिली. आता त्याने आधी त्या बाईपुढे कबूल करायचं, मग जमीन कचेरीत जाऊन शपथेवर साक्ष मागे घ्यायची. एक गाठ सुटली की दुसरी सुटते, त्याचे १६० एकरही जातात. बाईने क्षमा केलीच पाहिजे असं नाही. आमच्या मते तिने दार लावून घेतलं तर कथा जास्त खरी होईल. आणि कबुली पुस्तकाच्या मध्यावर आणा. शेवटच्या पानावर आलेली कबुली निभावायला जागाच उरत नाही.

ती जमीन आधी कोणाची होती, हेही विसरू नका. मूळ रहिवाशांकडून करारांनी आणि बळाने काढून घेतलेल्या जमिनीवरच हे दावे लागले. 'ओसाड माळ' असं लिहिताना पात्राची समजूत आणि लेखकाचं विधान वेगळं ठेवा.

प्रश्न : बंदुकीशिवाय धैर्य दाखवणारी एखादी कादंबरी सुचवा.

उत्तर : ओ. ई. रोल्वाग यांची 'जायंट्स इन द अर्थ', मूळ नॉर्वेजियन, इंग्रजीत १९२७. डकोटाच्या माळावरचा पेर हान्सा कशालाच न डगमगणारा. त्याची बायको बेरेट मात्र त्या मोकळ्या आभाळाने खचत जाते आणि मग धर्माला घट्ट धरते. शेजारी मरणपंथाला लागतो, त्याला पाद्री हवा असतो. हिमवादळात जाणं म्हणजे मरण, हे पेरला कळतं, तरी बेरेटच्या आग्रहापुढे तो निघतो. वसंतात तो सापडतो : गवताच्या गंजीला टेकून बसलेला, डोळे पश्चिमेकडे.