विश्वाचा अर्थ शोधायला निघालात, तर

सुरुवात कुठून करू, असं विचारलंत. आधी एक सवय लावून घ्या: समोरचं विधान नेमक्या कुठल्या प्रश्नाचं उत्तर देतंय ते बघा. विश्वाचं वय सुमारे 1380 कोटी वर्षं, हे मोजमापातून आलेलं उत्तर. ते मुळात आहेच कशाला, हे दुर्बिणीतून दिसत नाही.

दोन्हींची सरमिसळ भल्याभल्यांना मोहात पाडते. 1951 मध्ये पोप बारावे पायस यांनी महास्फोटाच्या (बिग बँग, म्हणजे विश्वाच्या सुरुवातीच्या) कल्पनेत ईश्वरी निर्मितीचा दाखला पाहिला. ती कल्पना मांडणारे जॉर्ज लमेत्र स्वतः कॅथलिक धर्मगुरू. पण त्यांनाच हे रुचलं नाही. हा सिद्धांत धार्मिक प्रश्नांच्या कक्षेबाहेरचा आहे, अशी त्यांची भूमिका होती. श्रद्धाळू माणूसही इतकी स्वच्छ रेघ ओढू शकतो, हे मला फार भावतं.

ऋग्वेदातलं नासदीय सूक्त (10.129) मुळातून वाचा, सातच ऋचा आहेत. ही सृष्टी कुठून झाली हे वरचा अध्यक्ष, म्हणजे सृष्टीवर देखरेख करणारा, जाणत असेल, किंवा तोही जाणत नसेल, असं म्हणून ते थांबतं. त्यात महास्फोट शोधणाऱ्यांना ही शंका बरोब्बर दिसत नाही!

आणि ‘क्वांटम’ (अतिसूक्ष्म कणांचं विज्ञान) शब्द आला की कान टवकारा. तिथलं निरीक्षण म्हणजे मनानं पाहणं नव्हे. दोन फटींतून कण सोडले की पडद्यावर एकाआड एक दाट-विरळ पट्टे उमटतात, ते व्यतिकरणाचे पट्टे. खोलीत चिटपाखरू नसलं आणि कण कुठल्या फटीतून गेला याची नोंद फक्त यंत्रानं केली, तरी हे पट्टे नाहीसे होतात.

तत्त्वज्ञानात मात्र घाई नको. बौद्ध, अद्वैत, स्टोइक (प्राचीन ग्रीक-रोमन विचारधारा), काहीही घ्या, पण एका वेळी एकच.