युद्धातून परतलेल्या सैनिकांच्या मनाची अवस्था खरी दाखवणारा माहितीपट कोणता? घरातल्या माजी सैनिकासोबत तो पाहावा का?

एकच नाव सांगायचं तर 'लेट देअर बी लाइट'. जेमतेम तासाभराचा, कृष्णधवल, १९४६ सालचा.

दिग्दर्शक जॉन ह्यूस्टन तेव्हा अमेरिकन सैन्यातच होता आणि काम सैन्यानेच सोपवलं होतं: दुसऱ्या महायुद्धात मनाने खचलेले सैनिक बरे होतात, त्यांना नोकरी द्यायला बिचकू नका, हे लोकांना पटवायचं. त्याने न्यूयॉर्कजवळच्या लाँग आयलंड बेटावरच्या एका लष्करी रुग्णालयात कॅमेरे लावले, आणि जे पडद्यावर उतरलं ते पाहून सैन्यच बिचकलं. १९४६ मध्ये न्यूयॉर्कच्या आधुनिक कला संग्रहालयात खेळ ठरला होता. लष्करी पोलिसांनी प्रतच उचलून नेली. कारण दिलं रुग्णांच्या खासगीपणाचं. ह्यूस्टनला ते पटलं नाही. युद्धावर गेलेला माणूस आणखी कणखर होऊन परततो, ही दंतकथा त्यांना जपायची होती, असं तो म्हणे. मला दोन्हींत तथ्य वाटतं. त्या चेहऱ्यांना खरंच कुठे लपायला जागा नाही.

बंदी उठली ती थेट १९८० च्या अखेरीस. त्याच वर्षी 'पोस्ट-ट्रॉमॅटिक स्ट्रेस डिसऑर्डर' (भयंकर आघातानंतर मागे उरणारा मानसिक आजार) हे नाव अमेरिकन मानसोपचारतज्ज्ञांच्या अधिकृत निदानसूचीत आलं, हा योगायोगच.

एक प्रसंग माझ्या डोक्यातून जात नाही. एक कृष्णवर्णीय सैनिक डॉक्टरसमोर बसलाय. प्रेयसीने पाठवलेल्या फोटोबद्दल सांगता सांगता त्याला रडू फुटतं, आणि तो ओशाळतो. डॉक्टर त्याला गप्प करत नाही. भावना अशी बाहेर आली तर बरंच असतं, एवढंच म्हणतो. बस. त्यात तोफा नाहीत, रक्त नाही, पार्श्वसंगीताची आठवणही राहत नाही. (गोरे आणि काळे सैनिक एकाच वॉर्डात दिसतात, हेही त्या काळी साधं नव्हतं. पुढे सैन्याने याच विषयावर नट घेऊन दुसरा चित्रपट काढला, त्यात सगळे गोरे.)

आता तक्रार. सोडियम अमिटाल या गुंगी आणणाऱ्या औषधाचं इंजेक्शन दिलं आणि चालता न येणारा माणूस उठून चालू लागला, बोबडी वळलेला खणखणीत बोलू लागला, असं यात दिसतं. दृश्यं खरी आहेत, पण पुढच्या वर्षांचं काय? शेवटी बेसबॉल खेळून मंडळी बसमध्ये बसतात आणि चित्रपट संपतो. घरी पोचल्यावरच्या रात्री त्यात नाहीत. 'इतक्यात बरे झाले, मग आमचे का नाही?' असं मनात येऊ देऊ नका.

सोबत पाहण्याबद्दल: आधी एकट्याने पाहा, प्रत इंटरनेटवर मोफत मिळते. रणांगण जवळपास नाहीच, पण संमोहनाखाली एकाला ओकिनावा या जपानी बेटावरच्या लढाईतला स्फोट आठवतो, तो भाग जड आहे. मग विषय काय आहे ते त्यांना सरळ सांगा आणि विचारा. 'नको' म्हणाले तर कारण विचारू नका. 'हो' म्हणाले तर रिमोट त्यांच्या हातात द्या आणि मधेच उठून गेले तर चित्रपट तिथेच थांबवा, 'काय झालं?' म्हणत मागे धावू नका. मात्र झोप उडालीय, दारू वाढलीय किंवा जगण्यात अर्थ नाही असं ते बोलतायत, असं असेल तर माहितीपट राहू द्या, आधी मानसोपचारतज्ज्ञ गाठा.