गेलेल्या कलाकारांच्या जुन्या चित्रणात भूमिकाच दिसतात, माणूस का दिसत नाही?

तुम्ही विचारलंय की, एखादा नट गेल्यावर त्याच्यावरच्या कार्यक्रमात सिनेमातलेच तुकडे का दाखवतात, घरातला-गप्पांतला माणूस का नसतो. मी ठाण्यात, नौपाड्यात, बरीच वर्षं लग्नांचं शूटिंग केलं. आता जुन्या कॅसेट डिजिटल करून देतो. त्यामुळे हा प्रश्न रोज समोर येतो.

मुख्य कारण पैसा. फिल्म महाग, म्हणून कॅमेरा शॉटपुरता चालायचा आणि ‘कट’ म्हटलं की बंद. टीव्हीची टेपही महाग होती. जुना कार्यक्रम पुसून तिच्यावर नवा भरायचे. बीबीसीनंसुद्धा असे कितीतरी कार्यक्रम पुसले. स्मिता पाटील १९८६ मध्ये गेल्या. माझ्या आईला त्या मुंबई दूरदर्शनवर बातम्या देणारी मुलगी म्हणून आठवायच्या, पण त्यांची आठवण निघाली की लागतात ते ‘जैत रे जैत’ आणि ‘उंबरठा’मधले प्रसंग. जे टिकलं तेच दाखवणार ना! फाळक्यांनी १९१७ मध्ये सिनेमा कसा तयार होतो यावरच एक फिल्म केली होती. तिच्या उरलेल्या भागात ते स्वतः काम करताना दिसतात. मला त्यांच्या सगळ्या कामात तो तुकडा सर्वांत मोलाचा वाटतो.

आपल्या घरांत याहून वेगळं घडत नाही. मागच्या वर्षी पाचपाखाडीच्या एक काकू १९९४ च्या एका लग्नाची कॅसेट घेऊन आल्या. शूटिंग माझंच. काका नुकतेच गेले होते. तीन तासांत ते ग्रुप फोटोत ताठ उभे, आहेर देताना पाठमोरे, एवढेच. मग पंगतीत मठ्ठा वाढताना सापडले. कॅमेऱ्याकडे बघून हात हलवत म्हणाले, “अरे, माझं काय घेतोस, पंगत घे.” आणि मी खरंच कॅमेरा पंगतीकडे वळवला. काकू म्हणाल्या, “आवाज वाढव रे.” सहा वेळा लावलं.

असे हात हलवणारे लोक मी एडिटिंगमध्ये खराब म्हणून सर्रास कापायचो. किती जणांचं एवढंसंच काही होतं आणि ते मी टाकून दिलं, हे आता फार लागतं.

तुमच्याकडे कॅसेट असतील तर आधी उघडून बघा. आपल्याकडच्या पावसाळ्यात टेपवर पांढरी बुरशी धरते. तशी टेप व्हीसीआरमध्ये, म्हणजे कॅसेट चालवायच्या मशीनमध्ये, घालू नका, टेप वाचणारं हेड खराब होतं आणि पुढच्या कॅसेटलाही बुरशी लागते. आधी साफ करून घ्या. फार थांबूही नका. फुनाई या जपानी कंपनीनं २०१६ मध्ये व्हीसीआर बनवणं थांबवलं, आता आहेत त्याच मशीन दुरुस्त करून आम्ही वापरतोय. कॅसेट द्याल तेव्हा पूर्ण उतरवायला सांगा, लग्न लागण्याआधीची धांदल आणि जेवणं धरून.