वडिलांची दुनळी आधी, नवं रिव्हॉल्व्हर नंतर

तुमचा प्रश्न दोनदा वाचला. गिरगावात सोन्याचं छोटं दुकान, रात्री माल आणि रोकड घेऊन लालबागला घरी यायचं, म्हणून रिव्हॉल्व्हर घ्यायचंय. एक एजंट तीन लाखांत बाहेरच्या राज्याचा 'ऑल इंडिया' परवाना काढून देतो म्हणतोय. आणि जाता जाता एक ओळ: वडील चार महिन्यांपूर्वी गेले, त्यांची बारा बोअरची दुनळी (बोअर म्हणजे नळीचं माप, दुनळी म्हणजे दोन नळ्यांची बंदूक) आणि काडतुसांचा डबा कपाटात आहे, परवाना मार्चमध्ये संपला.

तुम्ही विचारलंत रिव्हॉल्व्हरबद्दल, पण मी दुनळीपासून सुरू करतो. रिव्हॉल्व्हर सहा महिन्यांनी घेतलंत तरी चालेल. दुनळी मात्र आज, या घडीला, तुमच्या घरात बेकायदा आहे.

परवाना माणसाच्या नावाचा असतो, घराच्या नाही. वडील गेले तेव्हाच तो कागद तुमच्यापुरता संपला होता, मार्च उजाडायची वाट बघायची गरज नव्हती. शस्त्र कायदा १९५९ चा. त्याचं २१ वं कलम सांगतं की हत्यार जवळ ठेवणं ज्या क्षणी बेकायदा होतं, तेव्हापासून विनाकारण उशीर न करता ते जवळच्या पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक विक्रेत्याकडे जमा करायचं. विनापरवाना बंदुकीला २०१९ च्या दुरुस्तीपासून किमान दोन आणि जास्तीत जास्त पाच वर्षं शिक्षा आहे. काडतुसंही त्यातच आली. 'बाबांची आठवण आहे' हे तुमच्या आईला सांगायला ठीक, पंचनाम्यात त्याला रकाना नसतो. घाबरू नका, स्वतःहून जमा करायला गेलेल्या वारसाला सहसा कुणी गुन्हेगारासारखं वागवत नाही. पण उद्या शेजाऱ्याशी पाण्यावरून भांडण झालं आणि त्याने फोन फिरवला, तर गोष्ट वेगळी.

आता कृपा करून ती बंदूक चादरीत गुंडाळून स्कूटरवरून नेऊ नका. आधी ठाण्यात लेखी अर्ज द्या: वडिलांचं नाव, मृत्यूची तारीख, परवाना क्रमांक, हत्याराचा नंबर, काडतुसं किती. ते हवालदार पाठवतील किंवा तुम्हाला वेळ देतील. नंबर नळीवर किंवा खालच्या पट्टीवर कोरलेला असतो. पण तुम्ही कधी बंदूक हाताळलेली नसेल तर तो शोधायला ती उघडू नका, परवान्यावरून उतरवून घ्या. जुन्या दुनळीत काडतूस राहून गेलेलं मी स्वतः पाहिलंय.

पोच घेतल्याशिवाय ठाण्याबाहेर पडू नका. पोचेवर नुसतं 'एक बंदूक' नको. बोअर, बनावट, नंबर, काडतुसांची संख्या आणि हत्याराची अवस्था, सगळं आलं पाहिजे. शक्य असेल तर ठाण्याऐवजी परवानाधारक विक्रेत्याकडेच ठेवा, महिन्याचं भाडं लागलं तरी. एका निवडणुकीत मी माझं रिव्हॉल्व्हर एका ठाण्यात जमा केलं, कुठलं ते सांगत नाही. मुद्देमाल खोलीत एका पोत्यावर माझं पाकीट, वर गळकं छत, आणि पावसाळा तोंडावर. परत मिळालं तेव्हा सिलिंडरवर तांबूस पुरळ उठल्यासारखा गंज होता आणि पोचेवर अवस्थेचा उल्लेख नव्हता. भांडणार कशाच्या जोरावर? तेलपाण्याचा आणि दुरुस्तीचा खर्च माझाच.

दुनळी तुमच्या नावावर होऊ शकते. २०१६ च्या शस्त्र नियमांत वारसासाठी तरतूद आहे. मृत्यूचा दाखला आणि बाकीच्या वारसांचं ना हरकत लागतं, म्हणजे आई आणि बहीण दोघींच्या सह्या. मात्र तुमचा अर्ज नव्या माणसासारखाच तपासला जातो, वारस म्हणून चौकशी माफ होत नाही. (हेच हयातीत करता आलं असतं: परवानाधारकाचं वय ७० झालं किंवा हत्याराला २५ वर्षं झाली की त्याला ते वारसाकडे द्यायला अर्ज करता येतो. ज्यांचे वडील आहेत त्यांनी हे वाचून ठेवा.) ठेवायची नसेल तर जमा असतानाच विक्रेत्याला किंवा दुसऱ्या परवानाधारकाला विकता येते, पैसे वारसांचे.

आणि इथे एक गोष्ट, जी एजंट कधीच सांगत नाही. १३ व्या कलमात वीस इंच किंवा त्याहून लांब, गुळगुळीत नळीच्या बंदुकीला, संरक्षणासाठी असो वा खेळासाठी, वेगळी आणि जरा उदार वागणूक आहे. शेती संरक्षणासाठी ठासणीच्या बंदुकीलाही तशीच, कोकणात घरोघरी ते परवाने दिसायचे ते त्यामुळेच. रिव्हॉल्व्हरला मात्र 'सबळ कारण' आहे असं अधिकाऱ्याला पटावं लागतं. म्हणजे कायद्याच्या नजरेत तुमच्या बाबांची चार फुटी दुनळी तुमच्या कमरेच्या रिव्हॉल्व्हरपेक्षा साधी. दुकानात ठेवायला दुनळी पुरेशी असेल तर रिव्हॉल्व्हरचा विचार खरंच हवा का, हे एकदा स्वतःला विचारा.

तरी हवंच असेल, तर ऐका. वय २१ पूर्ण हवं. हिंसा किंवा नैतिक अधःपतनाच्या गुन्ह्यात शिक्षा झाली असेल तर ती संपल्यानंतर पाच वर्षं दार बंद. आणि ज्याला आपण मुंबईत 'चॅप्टर' म्हणतो, म्हणजे शांतता राखण्याचं बंधपत्र, ते चालू असेल तोवरही नाही. गणपतीत मंडळाच्या भांडणात कुणाकुणाचं नाव चॅप्टरमध्ये जातं आणि मग पाच-सात वर्षांनी चौकशीत ते वर येतं. तुमचं तसं काही असेल तर लपवू नका, ठाण्यातल्या नोंदीत ते आधीच आहे.

मुंबई शहर आणि उपनगरासाठी परवाना देणारे पोलीस आयुक्त. ठाणे, नवी मुंबई, मीरा-भाईंदर-वसई-विरार यांची आयुक्तालयं वेगळी, आणि जिथे आयुक्तालय नाही तिथे जिल्हाधिकारी. ही हद्द किती काटेकोर असते ते मी भोगलंय. मुलुंडहून ठाण्याला राहायला गेलो, टोलनाक्याच्या पलीकडे पंधरा मिनिटांवर. माझ्या मते घर बदललं, कायद्याच्या मते परवाना प्राधिकरण बदललं. मुक्काम ३० दिवसांहून जास्त हलला आणि हत्यारही सोबत गेलं, की पुढच्या ३० दिवसांत दोन्हीकडे कळवायचं असतं. मी एकीकडेच कळवलं, आणि नूतनीकरणाची फाईल दोन कार्यालयांमध्ये वर्षभर टेबल-टेनिस खेळली.

अर्ज ऑनलाइन भरायचा, मग कागद घेऊन जायचं: ओळख, पत्ता, वयाचा पुरावा, फोटो, डॉक्टरांचं शारीरिक-मानसिक तंदुरुस्तीचं प्रमाणपत्र, शस्त्र हाताळणीच्या प्रशिक्षणाचं प्रमाणपत्र, हत्यार घरात सुरक्षित कसं ठेवणार याचं हमीपत्र. वर दुकानाची नोंदणी आणि आयकराचे कागद जोडा. खरी परीक्षा कारणाच्या रकान्यात. 'जिवाला भीती आहे' एवढंच लिहिलंत तर नकार ठरलेला. धंद्याच्या स्वरूपामुळे गरज असणारे हा वर्ग नियमांतच आहे, तेव्हा रोज कुठून कुठे, किती वाजता, कुठला माल नेता, पूर्वी पाठलाग किंवा धमकी झाली असेल तर तक्रारीची प्रत, असं मोजून मांडा. मग स्थानिक ठाण्याचा माणूस येईल, शेजाऱ्यांना विचारेल. माझ्या वेळी, १९९८ साली, त्याने पहिला प्रश्न हत्याराबद्दल नाही, बायकोबद्दल विचारला: घरात भांडणं होतात का? तेव्हा राग आला होता. आता वाटतं, त्याने नेमकं विचारलं.

नकार आलाच तर कारणं लेखी मागा आणि मुदतीत अपील करा. आयुक्तांच्या आदेशावर अपील राज्य सरकारकडे, गृह विभागात जातं. परवाना हा मूलभूत हक्क नाही, पण कारणाशिवाय फेटाळणंही चालत नाही.

मंजूर झाला की परवानाधारक विक्रेत्याकडूनच खरेदी, मग हत्यार परवाना देणाऱ्या कार्यालयात दाखवायला न्यायचं. तिथे कारकून भिंगातून फ्रेमवरचा नंबर वाचतो, परवान्याशी एकेक अंक जुळवतो, तेव्हा नोंद होते. बोअर निषिद्ध नसलेलाच घ्यावा लागेल, सहसा .३२. ९ मिमी सामान्य माणसासाठी निषिद्ध बोअर आहे, सिनेमात कितीही छान दिसो. कानपूरच्या सरकारी कारखान्याचं 'निर्भीक' रिव्हॉल्व्हर २०१४ साली आलं तेव्हाच सव्वा लाखाच्या घरात होतं, हे लक्षात ठेवून बजेट करा. एका माणसाला दोनच हत्यारं. १९८३ पासून तीन चालायची, २०१९ ला ती दोन झाली. म्हणजे दुनळी आणि रिव्हॉल्व्हर घेतलंत की तुमचा कोटा संपला. परवाना पाच वर्षांचा, नूतनीकरणाचा अर्ज दोन महिने आधीच टाका. काडतुसं किती घेता येतील ते परवान्यावरच लिहिलेलं असतं.

एजंटला आजच नाही म्हणा. अर्ज तुम्ही राहता किंवा धंदा करता तिथेच करायचा असतो. जम्मू-काश्मीरमध्ये २०१२ ते २०१६ या काळात दिल्या गेलेल्या २.७८ लाखांहून जास्त परवान्यांची सीबीआय चौकशी झाली, अपात्र लोकांना वाटल्याच्या आरोपावरून. त्यात बाहेरच्या किती लोकांनी असेच 'महिन्याभरात' म्हणून पैसे दिले असतील देव जाणे. शिवाय हल्ली प्रत्येक परवान्याला राष्ट्रीय डेटाबेसचा युनिक नंबर लागतो. तो नसेल तर हातातला कागद रद्दी.

दुकानातल्या वॉचमनच्या हाती हत्यार देण्याचा विचार डोक्यात असेल तर तोही काढा. परवान्यावर त्याची रिटेनर, म्हणजे तुमच्या वतीने हत्यार बाळगायची परवानगी असलेला माणूस, म्हणून नोंद नसेल तर तुम्ही दोघंही गुन्हेगार. ८ फेब्रुवारी २०२४ ला बोरिवलीच्या आयसी कॉलनीत माजी नगरसेवकाची हत्या झाली, तेव्हा पिस्तूल हल्लेखोराच्या अंगरक्षकाचं असल्याचं पोलिसांनी सांगितलं होतं, आणि त्या अंगरक्षकालाही आर्म्स ॲक्टखाली अटक झाली.

बाहेर नेताना हत्यार होल्स्टरमध्ये किंवा झाकलेलं. लग्नात, वरातीत हवेत गोळी झाडली तर आता स्वतंत्र गुन्हा आहे, दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. मुंबईत महाराष्ट्र पोलीस कायद्याच्या ३७ व्या कलमाखाली मनाईचे आदेश वारंवार निघतात, ते पाहत जा. निवडणुकीत सरसकट सगळ्यांची हत्यारं जमा होतातच असं नाही, छाननी समिती ठरवते. पण नोटीस आली की वाद न घालता जमा करा.

आणि घरात? १ ऑक्टोबर २०२४ ला जुहूत अभिनेते गोविंदा यांच्या पायात त्यांच्याच परवान्याच्या रिव्हॉल्व्हरची गोळी लागली, ही बातमी तुम्ही वाचली असेल. तुमच्या लालबागच्या घरात दोन खोल्या, तुमचा मुलगा सातवीत. माझं हत्यार रिकामं, भिंतीला बोल्ट केलेल्या तिजोरीत असतं. काडतुसं दुसऱ्या कुलपात, आणि दोन्ही किल्ल्या एका जुडग्यात नाहीत.

सोमवारी सकाळी पोलीस ठाण्यात जा, अकराच्या आत गेलात तर ठाणे अंमलदार जागेवर सापडतील. त्याआधी आज रात्री बहिणीला फोन करा. दुनळी ठेवायची की विकायची, हे तिच्या सहीशिवाय पुढे सरकणार नाही.