इंका-अझ्टेक आणि तिथल्या स्पॅनिश वसाहतींवर गोष्टीसारखी वाचता येतील अशी इतिहासाची पुस्तकं कोणती? सुरुवात कुठून करू?

‘गोष्टीसारखी’ हा शब्द दिसला म्हणून लिहायला बसलो. एरवी पुस्तकांच्या याद्या देणारे इथे पुष्कळ आहेत. गोष्टीसारख्या वाचलेल्या एका पुस्तकानं माझी चाळीसेक माणसांसमोर फजिती केली होती, आणि ती फजिती आहे हे त्या चाळीसांत फक्त एका मुलीच्या लक्षात आलं. माझ्याही नाही.

मी इंदूरचा. बँकेतून निवृत्त झालो त्या वर्षी आमच्या भागातल्या गणेशोत्सवात मला व्याख्यान द्यायला सांगितलं. ऐकणारे सगळे ओळखीचे, अर्धे गुडघेदुखीवाले, पहिल्या रांगेला खुर्च्या आणि मागे सतरंज्या. विषय मीच सुचवला, मेक्सिकोची लूट. तयारी म्हणजे एकच पुस्तक, बेर्नाल दियासचं. मेक्सिको जिंकणाऱ्या स्पॅनिश सेनापती कोर्तेसबरोबर गेलेला हा साधा शिपाई. म्हातारपणी ग्वातेमालात बसून त्यानं सगळी मोहीम लिहून काढली आणि ती माद्रिदला छापून आली 1632 साली, तो जाऊन जवळजवळ अर्धं शतक झाल्यावर. इतकं रसाळ लिहिलंय की काय सांगू. तळ्यातलं ते शहर, पाण्यातून गेलेले सरळ रस्ते, बाजारात कुठल्या ओळीला काय विकायला होतं, कोण घाबरलं, कुणाचा घोडा कसा होता. आपल्या बखरकारांनी मान डोलवावी असं. इंग्रजीत सहज मिळतं. तुम्हाला फक्त गोष्टच हवी असेल तर हे घ्या आणि इथेच वाचन थांबवा.

मी पन्नास मिनिटं बोललो. रंगलं. 13 ऑगस्ट 1521 ला अझ्टेकांची राजधानी, तेच तळ्यातलं तेनोच्तित्लान, पडलं तिथे आवाज खाली आणला, तेव्हा पहिल्या रांगेतल्या एक आजी हळहळल्यासुद्धा.

मग प्रश्न. मागच्या सतरंजीवरून एक मुलगी उठली. आमच्या शेजारच्यांकडे वरच्या खोलीत भाड्यानं राहायची, नर्सिंग शिकत होती, अलीराजपूरकडची. मराठी तिला समजायचं, बोलायची हिंदीत. म्हणाली, “सर, उन लोगों ने ख़ुद क्या लिखा?”

मी मोठ्या ऐटीत सांगितलं, “उनके पास लिपि ही नहीं थी.”

ती जरा थांबली. “लिपि तो हमारी भी नहीं है. पर हमारे यहाँ पिठोरा बनाते नहीं, लिखते हैं.”

एवढं बोलून खाली बसली. लोक हसले. वाईट नव्हते हसत, लेकरू काहीतरी बोललं की हसतात तसं. मीही हसलो.

वर अध्यक्ष बापूकाका. माझ्या वडिलांचे चुलतभाऊ, शाळेत इतिहास शिकवून निवृत्त. समारोपाला उठले आणि म्हणाले की स्पेननं लुटलं, आपण मराठ्यांनी माळव्यात राज्य केलं, हा भेद तरुण पिढीनं ध्यानात ठेवावा. टाळ्या. मग आरती, मग खिरापत.

आता ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी. पिठोरा म्हणजे भिलाला, राठवा, भिल्ल यांच्या घरातल्या भिंतीवर नवस फेडताना काढतात ती घोड्यांची रांग. ती काढणाऱ्याला तिकडे लिखिंदरा म्हणतात, गुजरातच्या बाजूला लखारा. म्हणजे लिहिणारा. कुठला घोडा कुठल्या देवाचा हे ठरलेलं असतं, आणि काढून झाल्यावर बडवा, म्हणजे त्यांचा पुजारी, समोर उभा राहून ते तपासून बघतो. आपण ते बैठकीत टांगायला विकत घेतो आणि चित्र म्हणतो.

थंडीत कधीतरी मला सहागुनचं पुस्तक मिळालं. बेर्नार्दिनो दे सहागुन हा फ्रान्सिस्कन साधू. त्यानं अझ्टेकांची नावात्ल भाषा शिकून तिथल्या म्हाताऱ्यांना आणि आपल्या शाळेतल्या देशी विद्यार्थ्यांना हाताशी धरलं आणि बारा भागांचा ग्रंथ तयार केला, 1577 च्या सुमारास. एका रकान्यात नावात्ल, दुसऱ्यात स्पॅनिश, मध्ये मध्ये शेकडो चित्रं. तो आज फ्लॉरेन्सला आहे. त्यात ‘त्लाकुइलो’ हा शब्द भेटला. नावात्लमध्ये चित्र काढणारा तोच, लिहिणारा तोच. एकच शब्द.

दिवा लावून रात्री दोन वाजता मी त्या शब्दाकडे बघत बसलो होतो. लिखिंदरा!

बरं, मी फेकलेलं वाक्य नुसतं उथळ नव्हतं, धडधडीत चूक होतं. त्यांच्या शेजारच्या माया लोकांची तर पुरी लिपी होती, बोललेलं जसंच्या तसं उतरवणारी. दिएगो दे लांदा नावाच्या पाद्र्यानं 1562 साली युकातानमधल्या मानी गावात त्यांच्या पोथ्या जाळल्या. आज जगात चार उरल्यात. आणि गंमत अशी की याच लांदानं नंतर आपल्या टिपणात त्या लिपीची खुणांची यादी उतरवून ठेवली, तीच 1952 साली युरी क्नोरोझोव्ह या सोव्हिएत अभ्यासकाला किल्ली म्हणून उपयोगी पडली. जाळणाऱ्याच्याच वहीतून वाचता आलं. मी मात्र “लिपि ही नहीं थी” म्हणून मोकळा.

तिला सांगायला शेजारी गेलो तर खोली रिकामी. परीक्षा होऊन ती दिवाळीतच गेली होती. शेजारच्यांना पूर्ण नावही धड आठवेना, ‘ती अलीराजपूरवाली’ एवढंच.

तर पहिला सल्ला: दियासच्या आधी सहागुनचा बारावा भाग वाचा. तीच लढाई, पण हरलेल्यांच्या तोंडून. नावात्लमधून थेट इंग्रजीत केलेलं भाषांतर आहे, आणि मूळ ग्रंथ आता चित्रांसकट इंटरनेटवर फुकट बघता येतो. 1520 ची देवीची साथ त्यात अशी आलीय की दियासचे घोडे विसराल. अंगभर फोड, कूस बदलता येत नाही, हलवलं तर किंकाळी, आणि भरवायला घरात कोणी उठू शकत नाही म्हणून उपासमारीनं मेलेले. चित्रात चटईवर पडलेली माणसं आहेत, त्यातल्या एकाशी एक बाई बोलतेय. मग दियासकडे या. तो लबाड नाही, पण त्याला हिशेब चुकता करायचा होता. गोमारा नावाच्या, अमेरिकेत पाऊलही न ठेवलेल्या लेखकानं 1552 साली सगळं श्रेय कोर्तेसला देऊन टाकलं होतं, त्याचा हा राग. शिपायांना शिपायांचा वाटा मिळावा म्हणून लिहिलेलं पुस्तक आहे ते. कोर्तेसच्या बाजूनं हजारोंनी लढलेल्या त्लाश्कालावाल्यांचा, अझ्टेकांच्या तिथल्याच शत्रूंचा, वाटा कोण मागणार? मूठभर स्पॅनिशांनी साम्राज्य बुडवलं ही थाप तिथूनच चालत आली. मीही ती माइकवरून सांगितली होती.

आता बापूकाका. प्रश्नाशी याचा संबंध आहे, धीर धरा.

त्यांचा लाडका आधार म्हणजे माल्कम. जॉन माल्कमनं माळव्यावर दोन खंड लिहिले, 1823 ला छापले, आणि त्यात अहिल्याबाईंची जी स्तुती आहे ती काकांना इंग्रजीत पाठ. मी एकदा विचारलं, काका, हा माणूस कोण? 21 डिसेंबर 1817 ला महिदपूरला होळकरांच्या फौजेवर चालून गेला तो हाच. 6 जानेवारी 1818 ला मंदसोरचा तह करून घेतला तो हाच. ज्यानं आपल्याला हरवलं त्यानं आपला इतिहास लिहिला आणि आपण त्यातली आवडती पानं पाठ करतो. दियास आणि हा, फरक सांगा. काका म्हणाले, “तू बँकेत होतास तेच बरं होतं.”

काकांकडे एक पेटी आहे. तिच्यात तांबड्या कापडात बांधलेला मोडी कागदांचा रुमाल, आमचे पूर्वज होळकरांच्या एका परगण्यात कमाविसदाराकडे, म्हणजे वसुली अधिकाऱ्याकडे, कारकून होते त्या वेळचा. मी निवृत्तीनंतर मोडी शिकलो, अडखळत वाचतो. एका खर्चाच्या यादीत तेल, दोरखंड, मशालजीची मजुरी, आणि त्याच ओळीत, त्याच वळणदार अक्षरात, भिल्ल धरून आणणाऱ्यांना बक्षीस. मशालजीचं नाव आहे. खालच्या कलमात एका घोड्याचा रंग लिहिलाय, अबलख. धरून आणलेले किती एवढा आकडा आहे. बास.

काका म्हणतात, तो बंदोबस्त होता. रस्ते चालू राहायचे तर करावं लागतं. मी म्हणतो, कोर्तेसनं राजाला धाडलेल्या पत्रांतही बंदोबस्तच आहे. गेली कित्येक वर्षं हे चालू आहे, लग्नात, मुंजीत, एकदा तर तेराव्याला.

टंट्या भिल्लाचंही तेच. आमच्या लहानपणी घरात तो दरोडेखोर होता. 4 डिसेंबर 1889 ला जबलपूरला फाशी गेला, आता टंट्या मामाचे पुतळे आहेत. पातालपाणीला त्याच्या समाधीपुढे गाडी थांबायची. लोक म्हणायचे सलामी, रेल्वेवाले म्हणायचे पुढे घाटाचा उतार म्हणून ब्रेक तपासतो. दोन्ही लिहून ठेवावं असं माझं मत.

काकांच्या बाजूनं दोन गोष्टी सांगायला हव्यात, नाहीतर ते हे वाचून फोन करतील. एक, अहिल्याबाईंनी डोंगरातून जाणाऱ्या मालावरचा भिल्लांचा जुना हक्क, भिलकवडी, मान्य केला होता आणि त्याबदल्यात रस्त्याची जबाबदारी त्यांच्यावर टाकली होती. हेही माल्कममध्येच आहे. स्पॅनिशांनी असलं काही केलं नाही असं मी म्हणणार होतो, पण त्यांनीही देशी सरदारांचे काही हक्क राखले होते, त्लाश्कालाला तर खास सवलती होत्या. दोन, 1880 च्या खानदेश गॅझेटियरमध्ये पेशवाईच्या शेवटी मराठी अंमलदारांनी भिल्लांना दगा देऊन मारल्याच्या हकिकती आहेत. त्या वाचून मी पेटलो होतो तेव्हा काका शांतपणे म्हणाले, “इंग्रजाला आधीचे क्रूर दाखवायचेच होते, नाहीतर त्याची भिल्ल पलटण शोभणार कशी?” बरोबर बोलले. हकिकती खोट्या ठरत नाहीत त्यामुळे, पण बोलले बरोबर.

तुम्ही इंकांचं विचारलं होतं, ते राहिलंच. इंका लोकांकडे खरंच पोथ्या नव्हत्या, गाठी मारलेले दोर होते, किपू. आकडे, हिशेब, वसुली सगळं त्यात. पेरूसाठी एकच नाव देतो, ग्वामान पोमा. पेरूतलाच देशी माणूस. 1615 च्या सुमारास त्यानं स्पेनच्या राजाला उद्देशून सुमारे बाराशे पानांची तक्रार लिहिली, त्यात 398 पानभर चित्रं. मोडकीतोडकी स्पॅनिश, मध्येच इंकांची केचुआ. पाद्री बाईला दरडावून विणायला लावतोय, अधिकारी फटके मारतोय, सगळं रेषेत. गोष्टीसारखं अजिबात नाही. पदोपदी अडवणारं लेखन आहे, दमवतं. सलग वाचू नका, चित्रं बघा आणि जिथे अडेल तिथेच मजकूर वाचा. कोपनहेगनच्या राजग्रंथालयाच्या संकेतस्थळावर अख्खं आहे.

मागच्या महिन्यात काकांना टॅबवर दाखवलं. आता दिसत कमी, भिंग लावून बघत होते. शेवटाकडे एक चित्र आहे, लेखक स्वतः, म्हातारा, काठी टेकत डोंगरातून चाललाय, बरोबर मुलगा, एक घोडा, दोन कुत्री.

“कुठं निघालाय?”

“लीमाला. राजाला धाडायची तक्रार घेऊन.”

“मग?”

“1908 साली कोपनहेगनला सापडली, ग्रंथालयात.”

काकांनी भिंग खाली ठेवलं. “म्हणजे रुमालातच राहिली,” म्हणाले, आणि चहा टाकायला सांगितला.