गिरणीचं चार वर्षांपूर्वीचं बिल

प्रश्न : माझी गावात पिठाची गिरणी आहे. दरमहा बिल वेळेवर भरतो. आता अचानक ६१,४०० रुपयांची ‘फरकाची रक्कम’ लागून आली. कार्यालयात म्हणतात, चार वर्षांपूर्वी चुकीचा दर लागला होता. वायरमन सांगून गेलाय, सोमवारी लाइन कापणार. काय करू?

उत्तर : भाऊ, आधी वायरमनला चहा पाजा आणि लेखी नोटीस मागा. वीज कायदा २००३, कलम ५६ : थकबाकीसाठी जोडणी तोडायची तर १५ दिवसांची लेखी नोटीस लागते. तोंडी सोमवार चालत नाही.

त्याच कलमाच्या पोटकलम २ प्रमाणे दोन वर्षांपूर्वीची रक्कम, ती सतत बिलात थकबाकी म्हणून दाखवलेली नसेल तर, वसूल होत नाही. मात्र हुरळू नका. सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये राजस्थानच्या अशाच प्रकरणात म्हटलं, की खरीखुरी चूक असेल तर कंपनी जादा मागणी करू शकते. त्यासाठी वीज मात्र तोडता येत नाही. म्हणजे गिरणी चालू राहील, भांडण कागदावर.

कागदावर ‘कलम १२६’, म्हणजे अनधिकृत वीजवापराचा ठपका, लिहिलंय का, तेही पाहा. असेल तर वाट वेगळी, अपील ३० दिवसांत. नसेल तर ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंचाकडे अर्ज करा, पुढे विद्युत लोकपाल. चालू बिल भरत राहा. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर आवक शिक्का घ्या. माझ्या एका अशिलाने तेवढंच केलं नव्हतं, आणि अर्ज ‘मिळालाच नाही’.